सुविचारामागची आई

रोज सकाळी चहा झाला की मांजरेकर गुरुजी फोन घेऊन अंगणात उतरायचे. विहिरीचा रहाट, माडांतून येणारं ऊन, परसात कोकमं वाळत घालणारी बायको सुहासिनी, जे मनाला भावेल त्याचा फोटो काढायचे आणि त्यावर शोभेलसा सुविचार ठळक पिवळ्या अक्षरांत लिहून निनादला पाठवायचे. मुलगा मालवाहू जहाजावर होता. ‘तुझी आठवण येते’ एवढं म्हणणं गुरुजींना कधी जमलं नाही. सुविचार मात्र जमायचे.

बोट बंदराला लागली की निनादचा फोन यायचा. परवा आला, तेव्हा तो जरा चाचरत म्हणाला, “बाबा, रागावू नका. तुमचा ‘संयम’ नेमका आईच्या तोंडावर येतो. मी फोटो मोठा करकरून बघतो, पण ती दिसतच नाही.”

मुलगा सुविचार वाचत असेल, अशीच गुरुजींची इतके दिवस समजूत होती.

दुसऱ्या सकाळी त्यांनी पायरीवर बसलेल्या सुहासिनीचा फोटो काढला. सवयीने मनात वाक्य जुळू लागलं, ते त्यांनी आवरलं.

“आज काही लिहीत नाही?” तिने विचारलं.

“नको. त्याला तू दिसू दे.”

“आणि तुम्ही? आजवर एकाही फोटोत तुम्ही दिसला नाहीत.”

गुरुजी संकोचत तिच्याशेजारी टेकले. फोन धरलेला हात लांब करून त्यांनी बटण दाबलं. फोटो थोडा हललेलाच आला. त्यांनी तो तसाच पाठवला.