सवतीचा डोळा

"तुझ्या सिनेमात बाई कोण आहे?" अकुव्हीने नवऱ्याला विचारलं.

"बाई नाही गं. नुसतं आपलं लोमे शहर," एडेम म्हणाला.

"शहराला भेटायला रोज इस्त्रीचा शर्ट लागतो होय रे?"

अंगाचा तिळपापड झालेली अकुव्ही तडक बाजारात गेली, कापडवालीपाशी सगळं भडाभडा बोलली आणि 'सवतीचा डोळा' नावाच्या नक्षीचं कापड घेऊन आली. ती नक्षी कोण कशासाठी नेसतं, हे लोमेतलं शेंबडं पोरही सांगेल. महिन्याभराने सिनेमाच्या पहिल्या खेळाला ती तेच नेसून पुढच्या रांगेत बसली. सवत आलीच, तर तिला कळू दे!

पण सिनेमात खरंच शहरच होतं. समुद्र, मोटारसायकली, बाजार. अकुव्हीचा जीव भांड्यात पडला.

तेवढ्यात पडद्यावर तीच कापडवाली आली. तीच नक्षी फडकवत म्हणाली, "हे कालच एकीने नेलं. नवरा रोज इस्त्रीचा शर्ट घालून जातो, आणि म्हणे शहराचा सिनेमा काढतोय! मेल्याला दुसरी थाप सुचली नाही!"

मग तिने कॅमेऱ्यामागे निरखून पाहिलं.


"थांब... तुझाही इस्त्रीचाच की रे!"