मग कुठलं छापू?

पाण्याच्या तांब्याचं चित्र अर्धंच बाहेर आलं आणि प्रिंटरचे लाल दिवे लुकलुकू लागले. अच्युतराव घाबरले. पक्षाघातानंतर त्यांच्या पत्नीची, नलूताईंची, वाचा गेली होती, लिहिताही येत नव्हतं. "चित्रं दाखवा, त्या बोट ठेवून सांगतील," असं डॉक्टरीणबाईंनी सुचवलं होतं आणि ही पहिलीच चित्रं होती.

त्यांनी पुण्याच्या भाचीला फोन लावला.

"मामा, वाया गेलेली शाई शोषणारा स्पंज भरला, असं प्रिंटर समजतोय. त्याच्या मोजणीचा आकडा मी इथूनच तुमच्या कॉम्प्युटरवर शिरून शून्यावर आणते. स्पंज मात्र लवकर बदलून घ्या."

कॉम्प्युटरवरचा बाण आपोआप फिरला, शून्य उमटलं आणि प्रिंटर घरघरला. पाणी, गोळी, पंखा, दुखणारं पोट, मुलाचा फोटो, एकेक कागद बाहेर पडत गेला. कितीतरी दिवसांनी अच्युतरावांना हलकं वाटलं.

त्यांनी सगळी चित्रं पलंगावर मांडली. "आता सांग नलू, काय हवंय?"

नलूताईंनी एकेक चित्र नीट पाहिलं. पाणी बाजूला सारलं, गोळी सारली, पंखा सारला. मुलाचा फोटो क्षणभर हातात धरला आणि तोही खाली ठेवला.

"यातलं काहीच नको?"

त्यांनी मानेनेच नाही म्हटलं.

"मग कुठलं छापू? आता चालतोय प्रिंटर. सांगशील ते छापतो."

नलूताईंनी त्यांच्याकडे हात पुढे केला. त्या नुसत्या नवऱ्याकडे बघत राहिल्या. अच्युतराव पुन्हा कॉम्प्युटरसमोर जाऊन बसले. लग्नाला इतकी वर्षं झाली होती, पण तिला आणखी काय हवं असेल, ते त्यांना काही केल्या सुचेना.