तात्यापाऱ्याचा आकांत

काल दुपारी तात्यापारा मोहल्ल्यात आकांत बसला, तो आज ऊन डोक्यावर आलं तरी उठेना. सगळी गल्ली सतरंज्यांवर बसून रडत होती. दुकानांची शटरं ओढलेली, चुली थंड, आणि लहानथोर सगळे एका सुरात. कोरडे डोळे एकाच बाईचे होते. विमलाचे.

दरवर्षी आकांत असाच यायचा. वर्षभरात पाऱ्यातलं जे कुणी गेलं, त्याच्यासाठी सगळ्यांनी मिळून रडायचं. रडलं की छाती हलकी व्हायची आणि गेलेलं माणूस मनातून धुऊन निघायचं. नाव, चेहरा, सगळं. मोठी सोय होती म्हणा ना! घरोघरी कुणाची तरी काठी, कुणाचा तरी चष्मा उरायचा, पण कुणाचा ते कुणालाच सांगता यायचं नाही. दुसऱ्या दिवशी भैय्यालाल कबाडी ठेला घेऊन यायचा आणि ते सामान भरून न्यायचा. अट एकच. गेलेल्याच्या घरातलं शेवटचं माणूस रडेपर्यंत आकांत कुणालाच सोडायचा नाही.

विमलाची गोदू चौथीत होती. पावसाळ्यात तापाने गेली. रडू आवरायचा एकच उपाय विमलाला कालपासून सापडला होता, पोरीवर रागवत राहायचं. ती तोंडातल्या तोंडात झापत होती, "गोदू, चप्पल बाहेर! कितीदा सांगतलं तुले, चिखलाचे पाय घेऊन घरात येऊ नको. अन् डबा? आजबी पोळी तशीच वापस आनली?"

शेजारी तिचा नवरा रत्नाकर हुंदके देत होता. रेल्वेतला धिप्पाड गडी, पण रडून रडून पार गळून गेला होता.

"विमल, मी कोनासाठी रडून राहिलो?"

"गोदूसाठी."

"कोन गोदू?"

काल सकाळी याच माणसाने गोदूचा फ्रॉक छातीशी धरला होता. म्हणजे आता पाऱ्यात गोदू फक्त विमलापाशी उरली होती. ती रडली की संपलं. पोरगी जन्मलीच नव्हती असं होणार होतं.

"विमलाबाई, रडून टाका ना वो!" मागून कोणीतरी ओरडलं. म्हातारे दिवाकरराव सकाळीच आडवे झाले होते. तोंडात घातलेलं पाणी हुंदक्यासरशी बाहेर यायचं. त्यांचं डोकं मांडीवर घेऊन बसलेला नातू यशदीप म्हणाला, "आंटी, दादाजी मर जाएँगे. अब तो रो लो!"

"नाही रडत जा!" विमला कडाडली. "मरा सगळे!"

बोलली खरी, पण दिवाकररावांकडे पाहायची तिची छाती झाली नाही.

तेवढ्यात समोरच्या घरातली शर्मिष्ठा रांगतच आली. तिच्याने उभं राहवत नव्हतं. तिने आपली तान्ही विमलाच्या मांडीवर ठेवली. लेकराचं बारसंही व्हायचं होतं. रडून रडून ते काळंनिळं पडलं होतं. आवाज उरला नव्हता, नुसतं तोंड उघडत होतं.

"काकू, कालपासून दूध पिऊन नाही राहिली," शर्मिष्ठा म्हणाली. "पाया पडते तुमच्या."

विमलाने लेकराकडे पाहिलं. तिचं पुटपुटणं थांबलं.

"हिचं नाव गोदू ठेवशील?"

"कोन गोदू, काकू?"

"कोनीबी असू दे! ठेवशील का नाई, ते सांग!"

"ठेवते, काकू. हिची शपथ."

विमलाने अजून एकदा रागवायचा प्रयत्न केला. "गोदू, चप्पल..." एवढंच आलं. मग तिने असा हंबरडा फोडला, की पत्र्यावरची कबुतरं उडाली.

आकांत उठला. दिवाकररावांच्या घशाखाली पाणी उतरलं. तान्ही आईच्या अंगाला लागली आणि चुरूचुरू पिऊ लागली. रत्नाकरने तोंड धुतलं नि विचारलं, "सैपाकाचं काय करून राहिली आज?"

दुसऱ्या दिवशी सकाळी भैय्यालालचा ठेला आला. विमलाने एक फ्रॉक दिला, एक डबा दिला आणि शेवटी छोट्या जांभळ्या चपला.

"किसका है, दीदी?"

"काय माहीत बाप्पा. उगंच घरात पडून होतं." चपलांना वाळका चिखल होता. तो तिने नखाने खरवडला आणि मग त्या ठेल्यात टाकल्या.

भैय्यालाल पुढे गेला. शर्मिष्ठा लेकराला घेऊन दारात आली. "काकू, गोदूला घ्या ना जरा."

"गोदू? एवढं जुनं नाव काहून ठेवलं वो?"

"तुमीच तं सांगतलं!"

"मी? मी काहून सांगीन?" विमला हसली. "आमच्यात कोनाचंच नाही हे नाव." तिने लेकराला खांद्यावर घेतलं आणि उंबरा ओलांडता ओलांडता तिच्या तोंडून खेकसल्यासारखं निघालं, "गोदू, चप्पल बाहेर!"

शर्मिष्ठा बघतच राहिली. विमलाही चपापली. तिने लेकराचे पाय हातात घेऊन पाहिले. उघडे होते, स्वच्छ होते. तिने ते पदराने पुसले. मग परत पुसले.