हललेला व्हिडिओ

नवा कॉम्प्युटर आला आणि प्लंबरच्या लेकीनं व्हिडिओची दोन सॉफ्टवेअरं टाकून बघितली. एक फुकटचं, नुसतं जुनी कॅसेट उतरवून घेणारं. दुसरं विकतचं, भलतं हुशार. त्या हुशारानं तिच्या पहिल्या पावलांचा व्हिडिओ असा स्थिर केला, की कॅमेरा जणू भिंतीला ठोकलाय. "बाबा, बघा, केसभरसुद्धा हलत नाही! हेच घेऊ." "नको. फुकटचं बरं." "कंजूष कुठले! त्यात सगळं गदागदा हलतंय." "हलणारच. कॅमेरा तुझ्या आईच्या हातात होता. तू दोन पावलं टाकून बदकन बसलीस आणि तिला जे हसू फुटलं, ते काही आवरेना. माइक बिघडलेला, म्हणून ऐकू तेवढं येत नाही." आई गेली तेव्हा लेक दीड वर्षाची होती. तिनं फुकटचं लावलं, खुर्ची पुढं ओढली. भिंती हलल्या, दार हललं. "एवढं हसायची आई?"