कालचा माणूस

नाशिकहून निघालेली सहल धबधबा पाहून सुरगाण्याकडच्या एका पाड्यावर जेवायला थांबली. भाकरी वाढणाऱ्या नवसाबाईंनी कशिशला पाहिलं आणि हातातली टोपली आदळली.

"लाज नाय वाटत? काल आपला मानूस गुहेत सोडून गेलीस, अन् आज परत जेवाया बसलीस?"

कशिश भडकली. "अहो, आम्ही पहिल्यांदाच येतोय इथे! आणि माझा नवरा हा काय, शेजारीच बसलाय."

अल्तमश खाली मान घालून जेवत राहिला.

"रातभर वरडत व्हता त्यो," नवसाबाईंचा आवाज संतापाने कापत होता. "आमी आत जाऊन पाह्यलं, तर कोनीच नाय. जा, तूच ऐक जा!"

या बाईला खोटं पाडायचंच म्हणून कशिश तरातरा पाड्यामागच्या गुहेच्या तोंडाशी गेली. अल्तमश मागोमाग आला.

आतून घोगरा, चिडलेला आवाज आला. तो अल्तमशचाच होता.

"कशिश! किती हाका मारू तुला? त्याच्याबरोबर जाऊ नकोस!"

तिने वळून पाहिलं. अल्तमश गुहेकडे बघतही नव्हता. त्याने तिचं मनगट घट्ट धरलं.

"चल," तो म्हणाला, "गाडी सुटेल."