धुण्याचा दगड

मनुबाईंच्या घरात सुनेचे पाळीतले कपडे वॉशिंग मशीनमध्ये टाकायचे नाहीत, असा नियम. “मशीन नासतंय त्यानं!” म्हणून प्रियदर्शनी महिन्याचे चार दिवस परसातल्या दगडावर कपडे घासायची.

परवा मशीनमधलं पाणीच बाहेर जाईना. “घातलीस न्हवं गुपचूप तुझी कापडं?” सासूबाई कडाडल्या.

इस्लामपूरच्या मेकॅनिकनं खालचा फिल्टर उघडला. आतून तंबाखूच्या पुड्यांचे तुकडे निघाले, वर चुन्याच्या डबीचं टोपण. तिचा नवरा जयराज खिसा चाचपत गोठ्याकडं सटकला.

प्रियदर्शनीनं आपले कपडे मशीनमध्ये घातले, त्याच्या पँटी दगडावर टाकल्या आणि गोठ्याकडं बघून हाक मारली,


“आवं, या धुवायला! तुमच्या आईचाच नियम हाय, मशीन नासवणाऱ्याची कापडं दगडावर!”