रिकाम्या गल्लीतली गर्दी

“कुणाला पटायचं नाही, पण नगररचनेच्या उपग्रहाला मी चकवलं!” कोल्हापुरात दूधकट्ट्यावर आकारामआबांनी मांडीवर थाप मारली.

त्यांच्या सुनेला, शेवंताला, आजच खानावळीचा परवाना मिळाला होता. आकाशातून गल्लीत वर्दळ दिसल्याशिवाय हल्ली दुकान उघडता येत नसे, आणि शेवंताची गल्ली नकाशावर कायम ओसाड. तिचा अर्ज दरवेळी परत यायचा.

“उपग्रह अंगाची ऊब मोजतो. मग काय! पाडव्याला मिरवतो तशा माझ्या म्हशी रोज जेवणाच्या वेळेला गल्लीतून मिरवल्या. नकाशा लालभडक, परवाना हातात!”

कट्ट्यावर एकच हशा पिकला. दुधाचे ग्लास भरता भरता सर्जेराव गवळी ओरडला, “आबा, म्हशी माझ्या होत्या आणि पुढं शेवंतावहिनी होती! तुम्ही तर शिंगांना भिऊन माडीवर बसला होता!”